तीन खरी वाक्यं

मंगला गौरी, काशी
१६ जानेवारी २०२६

चि. निवेदितास,

गेल्या रविवारी तू फोनवर सात मिनिटं बोललीस. त्यातली साडेसहा मालविकेला, तुझ्या एकेकाळच्या मैत्रिणीला, शिव्या देण्यात गेली आणि उरलेल्या अर्ध्यात माझ्या गुडघ्याची चौकशी झाली. गुडघा बरा आहे. तू बोलत असतेस तेव्हा मी नुसतं 'हं, हं' करतो, आणि फोन ठेवल्यावर काय बोलायचं राहिलं ते आठवत बसतो. म्हणून हे पत्र. नागपूरला रत्नाकरमामाच्या पत्त्यावर पाठवतो आहे. त्याला म्हणावं, माझं अक्षर पाहून उत्साहाने फोडू नकोस, तुझ्यासाठी नाही.

मंगळवारी, भोगीच्या दिवशी, कन्याशाळेच्या मुख्याध्यापिका संपदाबाई आल्या होत्या. शाळेला खेळाची शिक्षिका हवी आहे. मालविकेने अर्ज केला आहे. चार वर्षं ती साड्यांच्या दुकानात गिऱ्हाइकांपुढे घड्या उलगडत बसली आहे, हे तुला ठाऊक असेलच. ठाऊक नसेल तर आता झालं.

संपदाबाई पाटावर बसल्या, चहा नको म्हणाल्या, आणि एकदम विषयाला हात घातला. "शास्त्रीबुवा, अर्ज एकदम चांगला आहे. पण मुलींच्या शाळेचा मामला. सगळे म्हणतात की तिने तुमच्या निवेदिताच्या पाण्यात गोळ्या मिसळल्या आणि वरून दिल्लीला शिकायतही केली. खरं काय ते तुम्हालाच माहीत. तुमच्या हातच्या दोन ओळी द्या. कमिटी तुमचा शब्द मानते."

मी म्हटलं, विचार करून कळवतो.

त्या बघतच राहिल्या. अगं, त्यांचंही बरोबर आहे. या घरात तीन जिल्ह्यांतून लोक व्यवस्थापत्र घ्यायला येतात. कुणाच्या हातून गाय मेली, कुणी आईबापांचं श्राद्ध दहा वर्षं केलं नाही, कुणी परजातीत लग्न करून आता परत पंगतीत बसू म्हणतो. समोरचा माणूस दोष सांगतो, मी ग्रंथ काढतो, आणि तासाभरात प्रायश्चित्त कागदावर लिहून सही करून देतो. त्या दिनानाथशास्त्र्याला एका पोरीबद्दल दोन ओळी लिहायला विचार करावा लागतो, म्हणजे पाणी कुठे मुरतंय ते संपदाबाईंना कळलं नसेल असं नाही.

चालण्याच्या शर्यतींतली तुझी चार वर्षांची बंदी अकरा जूनला उठते. त्यानंतर इथे येऊन वर्तमानपत्राला मुलाखत देणार आणि मालविकेचं नाव घेऊन सगळं सांगणार, असं तू म्हणालीस. माझं ऐक, तेवढं करू नकोस. का, ते आत्ता विचारू नकोस. बाप सांगतो म्हणून ऐक, असं मी तुला आयुष्यात कधी म्हटलेलं नाही. म्हटलं असतं तरी तू ऐकलं नसतंस.

बाबा


मंगला गौरी, काशी
९ फेब्रुवारी २०२६

चि. निवेदितास,

काल फोनवर म्हणालीस, "बाबा, लिहून द्या ना तिनेच केलं म्हणून. अख्ख्या दुनियेत माझ्या बाजूने एकटे तुम्ही उभे राहिलात."

ते वाक्य माझ्याने फोनवर खोडवलं नाही. म्हणून आता लिहितो. बसून वाच.

गोळ्या तुझ्या होत्या. मला हे तुझी तपासणी होण्याआधीपासून माहीत आहे. दोन हजार एकवीसच्या नोव्हेंबरपासून.

मागच्या गॅलरीतलं तुझं ते कपाट आठवतं? तुझी अंडी, तुझा तो पांढऱ्या पावडरीचा डबा, तुझी वेगळी कढई. सोवळ्याच्या घरात त्या कपाटाला मी कधी हात लावणार नाही, हे तू बरोबर ओळखलंस. लपवायला अख्ख्या काशीत याहून चांगली जागा नव्हती. पण या गावातल्या माकडांना सोवळं-ओवळं कुणी शिकवलेलं नाही. जाळीचं दार तू उघडं टाकून गेलीस. दोघा माकडांनी कपाट उलथवलं, अंडी फोडली, पावडर सांडली आणि ती एकमेकांच्या तोंडाला फासत कठड्यावरून पळाली. मी काठी घेऊन गेलो. त्या चिखलात गोळ्यांची एक पट्टी पडली होती.

आजारी आहेस आणि मला सांगत नाहीस, असं मला वाटलं. खरंच सांगतो, पहिलं तेच वाटलं. तुझी आई असंच लपवत गेली होती. पट्टीवर इंग्रजी होतं, ते मला लागेना. औषधाच्या दुकानात जायची भीती वाटली. मालविका त्याच सुमाराला तुला शोधत आली होती, तू तुझ्या प्रशिक्षक सरांबरोबर जिमला गेली होतीस. मी पट्टी धुऊन, पुसून तिच्या हातात दिली आणि म्हटलं, हे काय आहे ते वाच.

तिने वाचलं. मग उलटी करून पुन्हा वाचलं. "काका, ही बीमारीची दवा नाही. हे स्टिरॉइड आहे. थकलेलं शरीर झटपट भरून येतं याने, मग दुप्पट प्रॅक्टिस करता येते. पकडलं तर चार साल बाहेर." आणि मग माझा हात धरून म्हणाली, "काका, कुणाला बोलू नका. मी बोलते तिच्याशी. ती ऐकेल माझं."

ती बोलली तुझ्याशी. पट्टी मला सापडली हे तिने सांगितलं नाही. मला लाज वाटेल म्हणून नसेल सांगितलं. नुसतंच म्हणाली, मला माहीत आहे, सोड हे. तू तिच्यावर ओरडलीस, आणि गोळ्या चालूच ठेवल्यास. पुढे तपासणी झाली तेव्हा तू हिशेब मांडलास की हे एका मालविकेलाच ठाऊक होतं, म्हणजे चुगली तिनेच केली. आणि तेवढ्यावर न थांबता, गोळ्याही तिनेच पाण्यात मिसळल्या असं तू सुनावणीत सांगितलंस. चोराच्या उलट्या बोंबा ही म्हण मी पन्नास वर्षं मुलांना शिकवली. माझ्या घरातच तिचं उदाहरण तयार होत होतं.

आता माझी पाळी. सुनावणीसाठी वकिलाने माझं प्रतिज्ञापत्र मागितलं. तू माझ्यासमोर बसलीस आणि म्हणालीस, बाबा, तुम्ही खोटं बोलत नाही, मला माहीत आहे, तुम्ही फक्त खरं तेच लिहा. मी तीन वाक्यं लिहिली. मालविका आमच्या घरी नेहमी येत असे. नोव्हेंबर महिन्यात एकदा निवेदिता घरी नसताना ती आली होती. त्या दिवशी तिच्या हातात गोळ्यांची पट्टी मी स्वतः पाहिली.

तिन्ही खरी आहेत. गंगेत उभं राहून म्हणेन. पट्टी तिच्या हातात कुणी दिली, हे मला कुणी विचारलं नाही आणि मी लिहिलं नाही.

सुनावणीच्या समितीने ते मानलं नाही, तुला चार वर्षं दिलीच. पण गावाने मानलं. दिनानाथशास्त्री लिहून देतात म्हणजे खरंच असणार. मालविकेने शर्यतीचे बूट सोडले ते त्यानंतर. घाटावर बायका तिला बघून पाण्याचा तांब्या पदराखाली घ्यायच्या. तिचे वडील वासुदेवराव, इतकी वर्षं बँकेत मान वर करून काम केलेला माणूस, तो भाजी आणायलासुद्धा दुसऱ्या गल्लीने जाऊ लागला.

आणि संपदाबाईंना मी गेल्या आठवड्यात काय सांगितलं, ते ऐक. त्या रस्त्यातच भेटल्या. मी म्हटलं, "मुलगी हुशार आहे, आमच्याकडे नेहमी येत असे. बाकी देव जाणे." हेही खरंच. देव जाणतोच. त्या 'बरं' म्हणून गेल्या. त्यांचं तोंड उतरलं ते मी पाहिलं आणि तरीही मागून हाक मारली नाही.

का मारली नाही? कारण मालविका निर्दोष आहे असं लिहिलं तर पुढचा प्रश्न येतो, मग चुगली केली कुणी. तुझ्या मनातही आता तोच आला असेल.

आज इतकंच लिहवतं.

बाबा


मंगला गौरी, काशी
२० मार्च २०२६

निवेदिता,

चुगली मी केली.

काल पाडवा झाला. गुढी उभी केली, कडुनिंब खाल्ला, आणि ठरवलं की नव्या वर्षात हे पोटात ठेवून जगायचं नाही. गेले पाचही रविवार तू फोनवर फक्त सरावाचं बोलत राहिलीस. माझ्या फेब्रुवारीच्या पत्राबद्दल एकच वाक्य म्हणालीस, "ते जाऊ द्या बाबा, जुनं झालं." तुझं जुनं झालं. मालविकेचं रोज नवं असतं. आणि चुगली कुणी केली हे तू विचारलं नाहीस. मला वाटतं तुला कळलं होतं आणि नको होतं. म्हणून स्पष्ट लिहितो.

दोन हजार बावीसच्या एप्रिलमध्ये दिल्लीच्या त्या उत्तेजक-तपासणीच्या कचेरीला मी हिंदीत दोन पानी पत्र लिहिलं. माझ्या सहीने, माझ्या पत्त्यासह. तुझं नाव, तुझी शर्यत, पट्टीवरची अक्षरं, सगळं लिहिलं. तू सकाळी कोणत्या वेळी घरी असतेस, तेही.

मला काय वाटलं होतं ते सांगतो. हसशील. आमच्या शास्त्रात दोष झाला की परिषदेपुढे जायचं. दोष सांगायचा. परिषद प्रायश्चित्त देते, कितीही कडक असो, उपास असो, मुंडण असो, ते केलं की माणूस शुद्ध होतो. पुन्हा पंगतीत बसतो, आणि त्यानंतर त्याला तो दोष कुणी बोलून दाखवला तर पाप बोलणाऱ्याला लागतं. दोष झाकून ठेवला तर मात्र वाढतो. मी जन्मभर हेच पाहिलं, हेच लिहून दिलं. मला वाटलं, दिल्लीची ती कचेरी म्हणजे तुमच्या खेळाची परिषद. पत्राच्या शेवटी मी विनंती केली होती, 'कन्या वयाने लहान आहे, गुरूच्या सांगण्यावरून चुकली आहे, तिला उचित प्रायश्चित्त सांगून पुन्हा पंक्तीत घ्यावे.' अगदी याच शब्दांत.

त्यांच्याकडे प्रायश्चित्त नसतं, हे मला ठाऊक नव्हतं. त्यांच्याकडे फक्त पंगतीतून उठवणं असतं.

पत्र गेल्यावर तीन आठवड्यांनी सकाळी ते दोघे आले. एक बाई, एक माणूस. गल्ली सापडत नव्हती म्हणून मंगलागौरीच्या पायऱ्यांपर्यंत मीच गेलो त्यांना आणायला. तुला वाटलं, बाबा दुधाला गेलेत. मी त्यांना पाट दिले, पाणी दिलं. ती बाई तुझ्याबरोबर मोरीपर्यंत आत गेली, आणि बाटलीत लघवी घेताना ती तुझ्याकडे बघत उभी राहणार हे मला तेव्हा कळलं. मला कुणी सांगितलंच नव्हतं. दार लोटलेलं होतं. आतून तू म्हणालीस, "मॅडम, जरा उधर देखिए ना," आणि ती म्हणाली, "नहीं बेटा, नियम है." मी ओसरीवर बसून जप करत होतो. कितवा मणी ते विसरलो.

तुझे ते सर, ज्यांनी गोळ्या आणून दिल्या, त्यांचं नाव तू घेतलं नाहीस. शास्त्रात करणारा, करवणारा आणि संमती देणारा तिघेही दोषी. करवणारा आज दुसऱ्या राज्यात दुसऱ्या मुलींना चालवतो आहे. संमती देणारा मी. नोव्हेंबरपासून एप्रिलपर्यंत मी गप्प होतो, मधे फेब्रुवारीत तुझं राष्ट्रीय सुवर्णपदक झालं, वीस किलोमीटर, एक तास बत्तीस मिनिटं, आणि त्या पदकाचे पेढे मी स्वतः गल्लीत वाटले.

या पत्रानंतर तू काय म्हणशील याची मी वाट बघतो आहे. धर्म म्हणून केलं. तेवढं ध्यानात ठेव.

बाबा


मंगला गौरी, काशी
२ एप्रिल २०२६

निवेदिता,

दोन रविवार गेले. फोन नाही. रत्नाकरने कळवलं की तू पत्र वाचलंस, घडी घालून परत पाकिटात ठेवलंस आणि कुरियरच्या कचेरीत कामाला निघून गेलीस. रत्नाकर म्हणतो, तेव्हापासून ती आमच्याशीही तुटक बोलते.

मागच्या पत्राच्या शेवटी मी लिहिलं की धर्म म्हणून केलं. ते खोटं आहे. बघ, अखेर मीही खोटं लिहू शकलो. शिकायला अडुसष्ट वर्षं लागली.

धर्मच करायचा होता तर नोव्हेंबरात केला असता. एप्रिलमध्ये का केला, ते सांगतो.

त्या वर्षीचा पाडवा आठव. आपल्या मराठी समाजाच्या सभागृहात तुझा सत्कार. शाल, नारळ, फेटा. मी पहिल्या रांगेत, नवं उपरणं घालून. तू मंचावर गेलीस आणि आधी सरांच्या पाया पडलीस. ठीक आहे, गुरू आहेत. मग तू माइक घेऊन म्हणालीस, "बाबा तर मला चालताना बघून तोंड फिरवायचे. मला चालायला शिकवलं ते सरांनी. माझे खरे वडील तेच." लोक हसले. टाळ्या वाजल्या. शेजारी बसलेल्या कुणीतरी माझ्या पाठीवर थाप मारली, "क्या शास्त्रीजी, बिटिया ने तो पोल खोल दी!"

पहिल्या वर्षी मी तोंड फिरवलं होतं, हे खरं. कंबर हलवत भर रस्त्याने चालणारी मुलगी बघून घाटावरचे पंडे शिट्या मारायचे, आणि मला मेल्याहून मेल्यासारखं व्हायचं. पण नंतरची अकरा वर्षं, निवेदिता? विद्यापीठाच्या आवारात पहाटे सायकलवर पाण्याची बाटली घेऊन तुझ्या शेजारून कोण जात होतं? तुमच्या खेळाचे नियम मी हिंदीत उतरवून घेऊन पाठ केले होते. एक पाय कायम जमिनीला टेकलेला हवा. पुढचा गुडघा, पाय टेकल्यापासून शरीराखाली येईपर्यंत, ताठ. आणि पंचाच्या उघड्या डोळ्याला दिसेल तोच दोष. ते तिसरं कलम मला फार आवडलं होतं, आमच्या मीमांसकांनी लिहावं असं. तुझा डावा गुडघा बाराव्या किलोमीटरनंतर वाकायचा, हे तुझ्या सरांच्या आधी मी सांगितलं होतं. मी मागून ओरडायचो, "डावा!" आणि तू रागाने सरळ करायचीस. लखनौच्या शर्यतीत दोन लाल पत्रकं पडली, तिसरं पडलं असतं तर बाहेर झाली असतीस, तेव्हा दोरीपलीकडे उन्हात कोण धावत होतं? तुझे सर मंडपात बसून पंखा घेत होते.

हे सगळं त्या सभागृहात बसून मला आठवलं आणि माझं डोकं फिरलं. मत्सर वाटला. त्याला दुसरा शब्द नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी संध्या आटोपली आणि मी कागद घेतला. प्रायश्चित्त, परिषद, पंक्ती, हे सगळं लिहितानाच सुचलं, आणि लिहिता लिहिता मला ते पटलंही. शास्त्र शिकल्याचा हा एक फायदा आहे, स्वतःच्या द्वेषालाही आधार सापडतो. तुला शिक्षा व्हावी असं मला वाटत नव्हतं. तुझ्या सरांना व्हावी असं वाटत होतं. तू घाबरून घरी यावीस आणि म्हणावंस, बाबा, चुकलं, एवढंच मला हवं होतं. तू आलीसही. चुकलं म्हणाली नाहीस. प्रतिज्ञापत्र मागितलंस.

आणि मी ते लिहून दिलं, ते का? कारण तेवढ्यापुरती तू माझी झाली होतीस. सर पळाले होते. पदक काढून घेतलं होतं. नोकरी गेली होती. रोज रात्री जेवताना तू मालविकेला नावं ठेवायचीस आणि माझ्या ताटात भाजी वाढायचीस. इतकी वर्षं एवढं बोलली नव्हतीस माझ्याशी. ते जाऊ नये म्हणून मी वासुदेवरावांच्या पोरीला विकलं.

हे खरं आहे. यात आता काही मागे ठेवलेलं नाही.

दिनानाथ


मंगला गौरी, काशी
२१ एप्रिल २०२६

निवेदिता,

तुझा फोन आला नाही आणि येऊ नये हेच बरं. हे मात्र तुला कळलंच पाहिजे.

परवा, अक्षय तृतीयेला, मी दोन ओळी लिहिल्या. खरं तर अकरा झाल्या. गोळ्या माझ्या मुलीच्या होत्या, तक्रार मी केली होती, प्रतिज्ञापत्रातली माझी तिन्ही वाक्यं अपुरी आणि म्हणून असत्य होती, मालविका निर्दोष आहे. सही केली. काल सकाळी शाळेत जाऊन संपदाबाईंच्या हातात कागद दिला.

त्यांनी चष्मा लावून वाचला. दोनदा वाचला. मग म्हणाल्या, "शास्त्रीबुवा, जागा भरली. तुम्ही देव जाणे म्हणालात ना, त्याच महिन्यात. कमिटी म्हणाली, शास्त्रीजींनाच खात्री नाही तर आम्ही कशाला झंझट घ्यायची." कागदाची घडी घालत म्हणाल्या, "ही चिठ्ठी फेब्रुवारीत हवी होती." त्या रागावल्यासुद्धा नाहीत. नवीन बाईंचा तास चालू होता, खिडकीतून शिट्टी ऐकू येत होती.

तिथून मी तसाच वासुदेवरावांच्या घरी गेलो. सोमवारी साड्यांचं दुकान उशिरा उघडतं. मालविकेनेच दार उघडलं. चार वर्षांत तिला इतक्या जवळून पाहिलं नव्हतं. "या काका," म्हणाली, जणू काल येऊन गेलो होतो. वासुदेवराव आत झोपले होते. मी बसलो नाही.

म्हटलं, "मालविका, दिल्लीला पत्र मी लिहिलं होतं."

ती म्हणाली, "मालूम आहे काका."

मला आधी वाटलं, शाळेतून कुणी फोन केला असेल. विचारलं, "कधी कळलं?"

"तेव्हाच. गोळ्यांचं आपल्या तिघांनाच माहीत होतं. ती स्वतःची शिकायत करणार नाही. मी केली नव्हती. मग राहिलं कोण?" सर तर फसणारच होते, ते कशाला करतील, असंही म्हणाली. इतका साधा हिशेब. तू चार वर्षांत मांडला नाहीस आणि ती पहिल्या दिवशी मांडून बसली होती.

मी म्हटलं, "मग तिला सांगितलं का नाहीस? एवढं सोसलंस, एकदा नाव घ्यायचं होतंस माझं."

ती दुकानात न्यायचा डबा भरत होती. पोळीची गुंडाळी करता करता म्हणाली, "सर तिला सोडून भागले होते. मेडल गेलं, नोकरी गेली. तुमचंही कळलं असतं तर ती जाणार कुठे? कुणावर तरी गुस्सा निघणारच होता. मला वाटलं, सहा महिने निघेल माझ्यावर, मग येईल परत. मैत्रीण रुसली तर चालतं काका. बाप कुठून आणायचा दुसरा?"

तिने स्टूल पुढे केलं.

मग डब्याचं झाकण लावून माझ्याकडे न बघता म्हणाली, "पण तो हलफनामा. वकिलाने वाचून दाखवला मला, फोनवर. 'तिच्या हातात पट्टी मी स्वतः पाहिली.' ते तुम्ही लिहाल असं नव्हतं वाटलं, काका. तुम्हीच तर दिली होती वाचायला." नंतर तिने नळाखाली हात धुतले, पदराला पुसले, आणि म्हणाली, "आता जा तुम्ही. बाबा उठतील. त्यांना तुम्हाला बघून त्रास होतो."

माफ केलं म्हणाली नाही. मी माफी मागितलीही नाही. मागण्याचं तोंड नव्हतं.

अकरा जूनला तुझी बंदी उठेल. तारीख ठरलेली आहे, कागद येईल, शिक्का असेल, तू पुन्हा रस्त्यावर उतरशील, आणि उतर. वय एकतीस असलं तरी पाय तुझे अजून चांगले असतील. वर्तमानपत्रवाले आले तर त्यांना माझं नाव सांग, माझी हरकत नाही, वाटल्यास मी सही करून देतो. मालविकेवर मात्र कुणी बंदी घातलीच नव्हती. आपण दोघांनी घातली, तू बोलून आणि मी लिहून. त्यामुळे ती बंदी कोणत्या दिवशी उठायची, ते कुठल्याच कागदावर नाही, आणि कुणाकडे जाऊन विचारावं तेही मला कळत नाही.

दिनानाथ